तिसरा फलाट

कोल्हापूरहून मिरजेकडे जाणारी सकाळची गाडी वळिवड्याच्या लहानशा स्थानकावर थांबते न थांबते तोच पुन्हा चालू लागते. काही वर्षांपूर्वी, पावसाळ्याच्या अखेरीस, अशाच एका सकाळी खिडकीशी बसून उसाच्या फडांवरून ओसरणारे धुके मी पाहत होतो, तेवढ्यात फलाटाच्या टोकाकडून एक तरुण धावत येताना दिसला. वय विशीच्या आसपास. खांद्यावरची कापडी पिशवी एका हाताने छातीशी आवळून धरलेली, आणि दुसरा हात गाडीच्या दांडीकडे झेपावलेला. गाडीने वेग घेतला होता. माझ्यासमोर बसलेल्या एका वृद्ध बाई "जाऊ दे रे बाळा ती, दुसरी येईल," असे इतक्या कळवळून म्हणाल्या, की तो त्यांचाच नातू असावा असे कोणालाही वाटले असते. मुलाला ते ऐकू जाणे शक्य नव्हते. दारात उभ्या असलेल्या कोणा अनोळखी माणसाने मात्र हात बाहेर काढला, मुलाचे मनगट घट्ट पकडले आणि त्याला आत ओढून घेतले. बाईंनी डोळे मिटून हात जोडले. क्षणभराने डब्यातले बोलणे पूर्ववत सुरू झाले.

मला मात्र त्या बोलण्यात परत शिरता येईना. दारातून बाहेर आलेला तो हात माझ्या डोळ्यांपुढून हलत नव्हता, आणि त्याच्या पाठोपाठ एका दूरच्या शहरातली, माघ-पौषाच्या कडाक्याहून कितीतरी अधिक कठोर अशा थंडीतली एक पहाट मनात उभी राहत होती. पोलंडमधील व्रोत्सुआफ या शहराच्या मुख्य स्थानकात, 8 जानेवारी 1967 रोजी, वॉर्साकडे निघालेली गाडी अशीच चालू झाली होती, आणि एकोणचाळीस वर्षांचा एक माणूस तिसऱ्या फलाटावरून तिच्यामागे असाच धावला होता. तो हे प्रथमच करीत नव्हता. शेवटच्या क्षणी स्थानकात येणे आणि चालत्या गाडीत उडी घेऊन चढणे ही त्याची जुनी सवय होती. मित्रांना ती ठाऊक होती, आणि सवयीच्या गोष्टींविषयी माणसाला वाटते तितकीच चिंता त्यांना तिच्याविषयी वाटत असावी. त्या पहाटे त्याचा पाय पायरीवर ठरला नाही. गाडी आणि फलाट यांच्यामधल्या फटीत तो पडला, आणि थोड्याच वेळात त्याचा प्राण गेला. त्याचे नाव झ्बिग्न्येव्ह त्सिबुल्स्की. त्याच्या देशात त्याला लहानथोर सारेच झ्बिशेक म्हणत. आपल्याकडे घरच्या मुलाचे नाव लाडाने लहान करून घेतात, तसे.

त्सिबुल्स्कीला मी प्रथम पाहिले ते पुण्यातल्या एका चित्रपट मंडळाच्या खेळात. एका शाळेचे सभागृह, लोखंडी घडीच्या खुर्च्या, मागे घरघरणारे यंत्र, आणि पडद्यावर 'अ‍ॅशेस अँड डायमंड्स' या नावाने जगाला माहीत झालेला आंद्जेय वायदा यांचा 1958 सालचा चित्रपट. अनेक हातांतून फिरून आलेली ती फीत पावसाच्या सरीसारख्या उभ्या रेघांनी भरलेली होती. त्या रेघांच्या पावसातून गडद काचांचा चष्मा घातलेला एक तरुण दिसू लागला. एका चर्चच्या बाहेर, वसंतातल्या गवतावर, उन्हात पहुडलेला, आणि थोड्याच वेळात माणसे मारण्यासाठी उठणार असलेला. महायुद्ध संपण्याचा तो दिवस. जर्मन गेले आहेत, नवा अंमल सुरू होत आहे, आणि कालपर्यंत जर्मनांशी लढलेल्या गुप्त सेनेतल्या या माचेक नावाच्या तरुणाला आता आपल्याच देशातल्या एका साम्यवादी पुढाऱ्याला ठार करण्याचा हुकूम मिळाला आहे. पहिल्या प्रयत्नात भलतीच माणसे मरतात. मग एका हॉटेलात एक रात्र. त्या रात्रीत पानघराच्या गल्ल्यामागे उभी असलेली एक मुलगी त्याला भेटते, आणि आपण केवळ हुकूम पाळण्यासाठी जन्मलो नाही, आपल्यालाही जगता येईल, ही गोष्ट त्याला आयुष्यात प्रथमच, आणि फार उशिरा, सुचते.

ती मुलगी त्याला विचारते, तू हा काळा चष्मा का घालतोस? आणि तो वॉर्साच्या उठावाची आठवण सांगतो. 1944 सालच्या त्या त्रेसष्ट दिवसांत शहराच्या गटारांतून, अंधारातून फार काळ वावरावे लागले, त्याची ही खूण. माचेकच्या बाबतीत ते उत्तर खरे होते. परंतु त्सिबुल्स्कीची दृष्टीच अधू होती. लांबचे त्याला धड दिसत नसे, आणि रंगीत काचांचा चष्मा तो पडद्याबाहेरही वापरी. म्हणजे नटाचे स्वतःचे वैगुण्य पात्राच्या इतिहासात मुरले, आणि त्या पात्राचा इतिहास पुढे आयुष्यभर नटाच्या चेहऱ्यावर राहिला. पोलंडमधल्या असंख्य तरुणांनी त्याच्यासारखे चष्मे घेतले. अधू डोळ्यांवरचे ते साधे आच्छादन एका पिढीने आपल्या शोकाचे चिन्ह मानले, या गोष्टीने मी नेहमी हेलावून जातो.

त्याचा जन्म 3 नोव्हेंबर 1927 रोजी श्न्यातिन गावाजवळच्या क्न्याझे या खेड्यात झाला. तो मुलूख त्या वेळी पोलंडच्या आग्नेय सरहद्दीवर होता. आज तो युक्रेनमध्ये आहे. युद्ध आले तेव्हा झ्बिशेक अकरा वर्षांचा होता, संपले तेव्हा सतरा. तेवढ्या काळात त्याच्या जन्मगावावरून सरहद्दच उचलून पलीकडे नेण्यात आली होती. पोलंड नावाचा देश नकाशावर पश्चिमेकडे सरकला; पूर्वेची शहरे गेली आणि जर्मनीतील ब्रेस्लाउ हे शहर व्रोत्सुआफ हे नाव घेऊन पोलंडमध्ये आले. पूर्वेकडून निघालेल्या माणसांनी भरलेल्या गाड्या या पडझड झालेल्या शहरात रिकाम्या होत गेल्या. ज्या शहराच्या फलाटावर तो पुढे मरण पावला, ते त्याच्या लहानपणी त्याच्या देशात नव्हते, आणि जे खेडे त्याचे होते, ते आता त्याच्या देशात उरले नव्हते.

वळिवड्याच्या स्थानकावर मला हा परदेशी नट आठवावा, याचे कारण केवळ तो धावणारा मुलगा नव्हे. पोलंडच्या त्याच पूर्व मुलखातून रशियनांनी 1940 आणि 1941 साली लक्षावधी माणसे सैबेरियात आणि कझाकस्तानात हद्दपार केली. त्यांतून वाचलेल्यांपैकी काही इराणमार्गे हिंदुस्थानात पोचली, आणि 1943 पासून पुढे चार-पाच वर्षे सुमारे पाच हजार पोलिश माणसांनी, ज्यांत स्त्रिया आणि मुलेच बहुसंख्य होती, कोल्हापूर संस्थानाच्या आश्रयाने वळिवड्याच्या छावणीत संसार मांडला. ती गेल्यावर त्याच बराकींत सिंधमधून आलेले निर्वासित राहिले आणि त्या वस्तीचे गांधीनगर झाले. झ्बिशेकच्या वयाची किती मुले या फलाटावर उतरली असतील, आणि पंचगंगेच्या काठी वाढून पुन्हा गाडीत बसून कोठे गेली असतील! त्सिबुल्स्कीचा या गावाशी काही संबंध नव्हता. तरीही ज्या वादळाने त्याच्या गावाची माणसे उडाली, त्याच्यातली काही पाने इतक्या दूर येऊन पडली होती, आणि त्या दिवशी आमची गाडी त्या जागेवरून जात होती.

क्राकूव्हच्या नाट्यविद्यालयातून 1953 साली तो बाहेर पडला आणि समुद्रकाठच्या ग्दान्स्क शहरात आला. तेथे बोगुमिऊ कोब्येला हा त्याचा जिवलग मित्र आणि आणखी काही तरुण यांच्यासह 1954 साली त्याने 'बिम-बोम' नावाचे विद्यार्थ्यांचे नाट्यपथक उभारले. ज्या काळात रंगभूमीवरून भाषणे केली जात, प्रत्येक शब्द सरकारी दप्तरातून तपासून येई आणि म्हणूनच शब्दांवरचा लोकांचा विश्वास उडत चालला होता, त्या काळात या मुलांनी शब्द जवळजवळ टाकूनच दिले. हावभाव, संगीत, एखादी लहानशी मूक घटना यांतून ती मुले बोलत, आणि प्रेक्षकांना ते बोलणे लख्ख कळे. त्सिबुल्स्कीच्या पुढल्या अभिनयाचे मूळ मला येथे दिसते. त्याचे शरीर कधी स्वस्थ नसते. तो केसांतून हात फिरवतो, अडखळतो, एकदम हसतो, वस्तूंशी खेळतो, पाठ फिरवून बोलतो. त्याच्या काळातल्या इतर नटांना संवाद पाठ असावेत आणि याला मात्र ते तत्क्षणी, थोड्या संकोचाने, सुचत असावेत, असे त्याला पाहताना वाटत राहते.

माचेकच्या भूमिकेसाठी 1945 सालचा म्हणून शिवून ठेवलेला पोशाख त्याने घातलाच नाही, ही हकिकत प्रसिद्ध आहे. घट्ट विजार, आखूड जाकीट, खांद्याला लष्करी झोळी आणि डोळ्यांवर तो चष्मा, असा जसा तो रोज हिंडत असे तसाच तो कॅमेऱ्यापुढे उभा राहिला, आणि वायदांनी ते मान्य केले. इतिहासाच्या काटेकोर दृष्टीने ही चूकच होती. परंतु त्या चुकीमुळे तेरा वर्षांपूर्वी मेलेला एक तरुण 1958 सालच्या प्रेक्षकांना आपल्या शेजारच्या खुर्चीत बसलेला वाटला. मोठा दिग्दर्शक कोणता, असे मला कोणी विचारले, तर योग्य क्षणी आपली संमती देणारा, असे मी म्हणेन.

त्या चित्रपटातला एक प्रसंग मी पुनःपुन्हा पाहिला आहे. हॉटेलातल्या पानघरात माचेक आणि त्याचा सहकारी आंद्जेय उभे आहेत. बाजूच्या दालनात मेजवानी चालली आहे, कोणी गात आहे. माचेक गल्ल्यावर मद्याचे लहान पेले एका ओळीत मांडतो, काडी ओढतो आणि एकेक पेला पेटवतो. प्रत्येक ज्योतीबरोबर उठावात मेलेल्या एकेका सोबत्याचे नाव घेतले जाते. त्या निळसर ज्योती पाहिल्यावर मला आमच्या घरची तुळशीपुढली पणती आठवावी हे साहजिक होते. पण आजी पणती लावी ती शांतपणे, आणि हे स्मरण करणाऱ्या माचेकच्या चेहऱ्यावर शेवटी जे हसू फुटते ते इतके भयंकर असते की शांती हा शब्द त्याच्या आसपासही फिरकू नये. जिवंत राहिल्याबद्दल ज्याला स्वतःला क्षमा करता आलेली नाही, असा माणूस तसा हसतो. हे पेले पेटवण्याची कल्पना वायदांचे साहाय्यक यानुश मोर्गेनश्टेर्न यांची. पुढे त्यांनीच त्सिबुल्स्कीला घेऊन, ग्दान्स्कच्या त्या विद्यार्थी-नाट्याच्या वातावरणावर, 'निरोप, उद्यापर्यंत' अशा अर्थाच्या नावाचा एक हळुवार चित्रपट केला, आणि त्याच्या लेखनात त्सिबुल्स्की आणि कोब्येला या दोघांचाही हात होता.

माचेक आपले काम पुरे करतो. गोळी लागलेला वृद्ध पुढारी पुढे कोसळतो तो नेमका त्याच्याच बाहूंत, आणि मारणारा मरणाऱ्याला क्षणभर पित्यासारखे उराशी धरतो. त्याच वेळी विजयाची आतषबाजी आकाशात फुटते. सकाळी सैनिकांच्या गोळीने स्वतः जखमी झालेला माचेक वाळत घातलेल्या पांढऱ्या चादरींत लपतो. चादरीवर रक्ताचा डाग पसरत जातो, आणि तो बोटांना लागलेले रक्त नाकाजवळ नेऊन हुंगतो. हे आपलेच, याची खात्री पटेना म्हणून. मग गावाबाहेरच्या कचऱ्याच्या विस्तीर्ण ढिगाऱ्यावर धडपडत, कण्हत, लहान मुलासारखे अंग मुडपून तो मरतो. राज्यकर्त्यांना या शेवटात आपल्या शत्रूचा योग्य शेवट पाहता येत होता. इतिहासाच्या उकिरड्यावर पडलेला बंडखोर, असा त्याचा मजकूर लावता येत होता. प्रेक्षकांनी मात्र त्या मुलासाठी अश्रू ढाळले. एकाच दृश्याची ही दोन वाचने एकाच वेळी शक्य झाली, याचे श्रेय दिग्दर्शकाइतकेच त्या पाठीचे आहे. कारण मरतानाच्या कितीतरी वेळात त्सिबुल्स्कीची आपल्याला पाठच दिसते, आणि ती पाठ कोणत्याही पक्षाची नसते. हा चित्रपट व्रोत्सुआफमध्येच घेतला गेला. त्यालाही मरण त्या शहरातच आले, हे मला पुष्कळ उशिरा समजले, आणि समजल्यापासून ते दृश्य मला पूर्वीसारखे पाहता आलेले नाही.

त्यानंतर तो नऊ वर्षे जगला. त्या काळाविषयी लिहिणारे बहुतेक लोक त्याला पोलंडचा जेम्स डीन म्हणून मोकळे होतात. ही उपमा मला अपुरी वाटते. डीन चोविसाव्या वर्षी गेला. त्याला स्वतःच्या प्रतिमेबरोबर म्हातारे होण्याची वेळ आली नाही. त्सिबुल्स्कीने माचेक साकारला तेव्हाच तो तिशीला आलेला होता. पुढे त्याचे अंग भरले, चेहरा जड झाला, आणि लोक रस्त्यात त्याच्याकडे पाहत ते त्या चेहऱ्यामागच्या सडपातळ पोराला शोधण्यासाठी. आपल्याला जे प्रेम मिळते आहे ते आपल्यापेक्षा वयाने लहान अशा दुसऱ्याच कोणासाठी आहे, ही जाणीव घेऊन रोज काम करणे किती अवघड असेल! तो कडवट झाला नाही. मित्रांच्या घरी रात्री-अपरात्री झोळी घेऊन पोचणारा, सगळ्यांवर जीव लावणारा, कोठेही फार काळ न थांबणारा, असाच तो अखेरपर्यंत राहिला.

आणि त्याने एक धाडस केले, ज्यासाठी मी त्याला माचेकपेक्षाही अधिक मानतो. स्वतःच्या दंतकथेची चिकित्सा त्याने स्वतःच्या देहावर करू दिली. वोयचेख हास यांच्या 'प्रेम कसे मिळवावे' अशा अर्थाच्या चित्रपटात तो एक नट आहे. युद्धकाळात एक स्त्री सर्वस्व पणाला लावून त्याला घरात लपवते, आणि युद्ध संपल्यावर तो मद्यालयांतून आपल्या शौर्याच्या कहाण्या सांगत फिरतो, ज्यांवर कोणी विश्वास ठेवीत नाही. बार्बारा क्राफ्तुव्हना त्या स्त्रीच्या भूमिकेत इतकी समर्थ आहे की सारी सहानुभूती तिच्याकडे जाते. त्सिबुल्स्की ती जाऊ देतो. आपले दुबळेपण झाकण्याचा यत्किंचितही प्रयत्न तो करीत नाही. त्याच हास यांच्या तीन तासांच्या 'सारागोसात सापडलेले हस्तलिखित' या चित्रपटात तो झालरींचा गणवेश घालून, चष्मा काढून, गोष्टीतून निघणाऱ्या गोष्टीत भोळ्या कुतूहलाने हरवत जातो; आपल्या वेताळपंचविशीची सवय असलेल्या वाचकाला ती रचना फार आपलीशी वाटेल.

परंतु मला येथे गाड्यांविषयी सांगायचे आहे. 1959 साली येझी कावालेरोव्हिच यांनी 'गाडी' याच नावाचा चित्रपट केला. रात्रीची गाडी समुद्राकडे चालली आहे; एका डब्यात एक स्त्री आहे, आणि तिने नाकारलेला तरुण, म्हणजे त्सिबुल्स्की, त्याच गाडीच्या गर्दीच्या डब्यातून प्रवास करीत, पायरीवर लोंबकळत, बाहेरच्या वाऱ्यात उभा राहून तिच्या खिडकीतून आत पाहतो. काचेच्या आत उजेड आणि ऊब. काचेबाहेर केस उडालेला तो, दांडीला धरून. पुढे 1965 साली तादेउश कोन्व्हित्स्की यांच्या 'साल्तो' या चित्रपटाची सुरुवातच तो चालत्या गाडीतून उडी टाकतो येथून होते. तेच जाकीट, तोच काळा चष्मा. फक्त माणूस थकलेला. एका विस्मृत गावात तो येतो, युद्धात मी येथे लपलो होतो असे सांगतो, गावकऱ्यांची मने काही काळ भारून टाकतो, त्यांना एक विलक्षण नृत्य शिकवतो. आणि शेवटी त्याचे सोंग उघडे पडते, गाव त्याच्यावर दगड उचलते, आणि तो पुन्हा गाडी पकडून निघून जातो. माचेक जगला असता तर त्याचे काय झाले असते, या प्रश्नाचे इतके निर्भय उत्तर दुसऱ्या कोणी दिल्याचे मला माहीत नाही.

हे चित्रपट पाहताना आज आपण त्यांत भविष्य वाचतो. तो आपला अन्याय आहे. ज्या वेळी तो त्या पायरीवर उभा राहिला त्या वेळी ती केवळ पायरी होती, आणि त्याच्या पायाला ती ठाऊक होती. मृत्यू झाल्यावर मागे वळून सगळ्या उड्या एका ओळीत लावणे सोपे असते. त्या जानेवारीतल्या पहाटे मात्र त्याच्या मनात चित्रीकरण आटोपल्याचा थकवा, थंडी आणि वॉर्साला पोचण्याची घाई याहून अधिक काही असेल असे मला वाटत नाही. दारात कोणी उभे होते की नाही, कोणाचा हात बाहेर आला की नाही, हा प्रश्न मी स्वतःला अनेकदा विचारला आहे, आणि प्रत्येक वेळी वळिवड्याच्या गाडीतल्या त्या अनोळखी माणसाचे मनगट माझ्या डोळ्यांपुढे आले आहे. तिसऱ्या फलाटावर 1997 साली त्याच्या नावाची स्मृतिशिला बसवण्यात आली. त्या वेळी वायदा उपस्थित होते.

वायदांनी आपला शोक त्यापूर्वीच, 1969 सालच्या एका चित्रपटात मांडला होता. त्याचे नाव 'सर्व काही विक्रीस'. त्यात एक चित्रपट तयार होत आहे, आणि त्यातला मुख्य नट आलेला नाही. सगळे त्याला शोधतात. पत्नी, मैत्रीण, दिग्दर्शक. त्याच्याविषयी बोलतात, त्याच्या वस्तू हाताळतात. मग गाडीखाली सापडून तो गेल्याची वार्ता येते. तो पडद्यावर एकदाही दिसत नाही, आणि त्याचे नाव संपूर्ण चित्रपटात कोणीही उच्चारीत नाही. ज्या दिग्दर्शकाने मेलेल्यांची नावे एकेका ज्योतीबरोबर मोठ्याने घ्यायला लावली होती, त्यालाच आपल्या या मित्राचे नाव घेणे अशक्य व्हावे! काही दुःखांना नाव पुरते, काहींना ते सोसत नाही. त्याच वर्षी उन्हाळ्यात बोगुमिऊ कोब्येलाही मोटार अपघातात गेला. त्याच वर्षी तरुण नटांसाठी त्सिबुल्स्कीच्या नावाचे पारितोषिक सुरू झाले, आणि ते प्रथम मिळाले दानियेल ओल्ब्रिख्स्की याला. वायदांच्या त्या चित्रपटात जो तरुण हळूहळू गेलेल्या नटाच्या जागेकडे ओढला जातो, तो हाच.

त्या चित्रपटाच्या शेवटी सारा ताफा रुळांशी गोळा झाला आहे. माणसे गंभीर आहेत, यंत्रे मांडलेली आहेत. इतक्यात मोकळ्या रानातून घोड्यांचा एक कळप धावत जातो, आणि तो तरुण सगळे टाकून, केवळ धावावेसे वाटले म्हणून, त्यांच्यामागे धावत सुटतो. आणि कॅमेरा रुळांकडे पाठ करून त्याच्या दिशेने वळतो.